कोयनानगर : धरणाच्या पायथ्याची वसाहत

कोयनानगर हे सातारा जिल्ह्याच्या पाटण तालुक्यातले, सह्याद्रीच्या मुख्य रांगेला टेकून वसलेले ठिकाण. कराडहून चिपळूणकडे जाणारा रस्ता पाटण ओलांडून हेळवाकला येतो आणि पुढे कुंभार्ली घाटाने कोकणात उतरतो. हेळवाकजवळून एक फाटा उत्तरेला धरणाकडे वळतो. त्या फाट्यावर, कोयना धरणाच्या पायथ्याशी ही वसाहत आहे. तिच्या नावात नगर असले तरी इथे नगरपालिका कधीच नव्हती. १९५०च्या दशकात धरणाचे काम सुरू झाले तेव्हा अभियंते, कारागीर आणि मजूर यांच्या निवाऱ्यासाठी सरकारने डोंगरउतारावर घरे बांधली, कचेऱ्या आणि दवाखाना उभारला, आणि नदीचे नाव त्या वस्तीला मिळाले. नदीचे नाव आगगाडीलाही मिळाले आहे, पण मुंबई-कोल्हापूर कोयना एक्स्प्रेस कराडवरून निघून जाते. कोयनानगरला रेल्वे नाही.

कोयना महाबळेश्वरच्या पठारावर उगम पावते. तिथे उगम पावणाऱ्या बहुतेक नद्या लवकरच पूर्वेचा किंवा पश्चिमेचा उतार धरतात. कोयना मात्र सुमारे ६५ किलोमीटर सरळ दक्षिणेला वाहते. तिच्या पश्चिमेला सह्याद्रीचा मुख्य कणा आणि पूर्वेला बामणोली-घेरादातेगडची रांग, अशा दोन भिंतींमधली ही लांबट, अरुंद दरी आहे. सोळशी आणि कांदाटी या उपनद्या वरच्या भागातच तिला मिळतात. हेळवाकला आल्यावर ती जवळजवळ काटकोनात पूर्वेला वळते, पाटणजवळ केरा आणि पुढे मोरणा, वांग यांचे पाणी घेते आणि कराडच्या प्रीतिसंगमावर कृष्णेला मिळते. नदीची एकूण लांबी सुमारे १३० किलोमीटर आहे.

हेळवाकच्या वळणापासून अरबी समुद्र हवाई अंतराने साठ-पासष्ट किलोमीटरवर आहे. नदी मात्र त्याच्याकडे पाठ फिरवते आणि कृष्णेच्या सोबतीने अख्खे दख्खन ओलांडून बंगालच्या उपसागराला जाते. दरीचा तळ समुद्रसपाटीपासून पाच-सहाशे मीटर उंच आहे आणि पश्चिमेची भिंत ओलांडली की कोकण एकदम पायाखाली येते. जवळचा समुद्र एका बाजूला, नदीची वाट दुसऱ्या बाजूला आणि मध्ये सरळसोट उतार, या भूगोलावरच कोयनानगरचे सारे अर्थकारण उभे आहे.

इथला खडक काळा बेसाल्ट आहे. लाव्हाचे थर एकावर एक साचून तो बनला. डोंगरमाथ्यावर त्याची झीज होऊन तांबडा जांभा तयार झाला आहे. अशा सपाट, उघड्या माथ्यांना स्थानिक बोलीत सडा म्हणतात. सड्यावर पावसाळ्यात गवत आणि रानफुले येतात, उन्हाळ्यात नुसता दगड दिसतो. उतारांवर निमसदाहरित जंगल आणि त्यात अधूनमधून धनगरवाडे व गवळीवाडे आहेत.

पावसाच्या बाबतीत कोयनानगर महाराष्ट्रातल्या अग्रेसर ठिकाणांत मोडते. वर्षाला सरासरी पाच हजार मिलिमीटरच्या आसपास पाऊस पडतो आणि त्यातला बहुतेक जून ते सप्टेंबर या चार महिन्यांत येतो. सरळ रेषेत पंचेचाळीस किलोमीटरवर असलेल्या कराडला मात्र सातशे मिलिमीटरच्या आसपास पावसावर भागवावे लागते. सातारा-सांगलीच्या वर्तमानपत्रांत पावसाळाभर कोयनानगर, नवजा आणि महाबळेश्वर या तीन ठिकाणांचे आकडे रोज छापून येतात. ही तिन्ही पर्जन्यमापन केंद्रे धरणाच्या पाणलोटात आहेत. धरणाचा पाणलोट जेमतेम ८९२ चौरस किलोमीटरचा आहे. भीमेवरील उजनी धरणाचा पाणलोट जवळजवळ १४,८५० चौरस किलोमीटर, म्हणजे सोळापटींहून जास्त, आणि तरी दोन्ही जलाशयांच्या साठ्यात फार अंतर नाही. उजनीचा साठा ११७ टीएमसी, कोयनेचा १०५.२५ टीएमसी. एक टीएमसी म्हणजे सुमारे २,८३२ कोटी लिटर.

कोयनेच्या पाण्यावर वीज करण्याचा विचार पहिल्या महायुद्धानंतर टाटांनी केला होता. दरीची पाहणीही झाली, पण पुढे जागतिक मंदी आली आणि बेत बारगळला. स्वातंत्र्यानंतर सरकारने तो हाती घेतला. १९५४च्या सुमारास कामाला सुरुवात झाली आणि दहा वर्षांत धरण उभे राहिले. उंची १०३ मीटर, लांबी ८०८ मीटर आणि मधोमध सहा वक्राकार दरवाजे. बांधणी रबल काँक्रीटची आहे, म्हणजे काँक्रीटच्या थरांत मोठाले दगड रचलेले. त्यामुळे सिमेंट कमी लागते, आणि दगडाची इथे वाण नाही. मूळ साठा ९८.७८ टीएमसी होता. पुढे दरवाज्यांची उंची पाच फुटांनी वाढवल्यावर तो १०५.२५ टीएमसी झाला. जलाशयाचे अधिकृत नाव शिवाजीसागर, पण बोलताना सारे शिवसागरच म्हणतात. तो पाटण, जावळी आणि महाबळेश्वर या तीन तालुक्यांत पन्नासेक किलोमीटर उत्तरेकडे पसरला आहे. त्याच्या वरच्या टोकाला बामणोली आणि तापोळा ही गावे आहेत.

नदीवर बांधलेल्या बहुतेक धरणांत पाणी धरणाच्या पायथ्याशीच जनित्रावर पाडले जाते. कोयनेचा मुख्य प्रयोग वेगळा आहे. जलाशयाचे पाणी नवजाच्या बाजूने बोगद्यात घेतले जाते आणि सह्याद्रीच्या पोटातून पश्चिमेला, चिपळूण तालुक्यातल्या पोफळीच्या भूमिगत वीजगृहात सुमारे पावणेपाचशे मीटर खाली कोसळते. पहिल्या दोन टप्प्यांची पोफळीतली क्षमता ६०० मेगावॉट आहे आणि त्यातला पहिला संच १९६२ साली सुरू झाला. पोफळीतून बाहेर पडलेले पाणी कोळकेवाडी धरणात अडवून तिसऱ्या टप्प्यात पुन्हा वापरले जाते. तिथे आणखी ३२० मेगावॉट वीज तयार होते. चौथा टप्पा एकट्याने १,००० मेगावॉटचा आहे. पूर्वेकडे सोडलेल्या पाण्यावर चालणारे पायथा वीजगृह सुमारे ४० मेगावॉटचे. सारे मिळून क्षमता १,९६० मेगावॉटच्या घरात जाते.

चौथ्या टप्प्याची मोठी अडचण अशी होती की पाणी तळ्याच्या खोल भागातून घ्यायचे आणि त्यासाठी तळे रिकामे करायचे नाही. अभियंत्यांनी खालून बोगदा खणत आणला, तळाशी खडकाचे एक जाड बूच राखले आणि १३ मार्च १९९९ रोजी ते सुरुंगाने उडवले. पाणी आपोआप बोगद्यात शिरले. लेक टॅपिंग हे तंत्र नॉर्वेत रुळलेले होते, आशियात ते पहिल्यांदा इथे वापरले गेले. पाण्याची पातळी आणखी खाली गेली तरी वीज चालू राहावी म्हणून २५ एप्रिल २०१२ रोजी दुसरे लेक टॅपिंग झाले.

पश्चिमेला पाणी वळवण्याला कायद्याची मर्यादा आहे. कृष्णा खोऱ्यातले पाणी महाराष्ट्र, कर्नाटक आणि आंध्र यांच्यात वाटणाऱ्या बच्छावत लवादाने १९७६च्या अंतिम निवाड्यात कोयनेसाठी वर्षाला ६७.५ टीएमसी ठरवून दिले. इथले वर्ष १ जूनला सुरू होते आणि ३१ मे रोजी संपते. त्याला तांत्रिक वर्ष म्हणतात. पोफळी आणि चौथा टप्पा पूर्ण क्षमतेने रात्रंदिवस चालवले तर ढोबळ हिशेबाने हे ६७.५ टीएमसी दोन महिन्यांत संपेल. म्हणून कोयना चोवीस तास चालत नाही. कोळशाचा संच थंडावला की पुन्हा तापायला बराच वेळ घेतो, पाण्याचा काही मिनिटांत पूर्ण भार उचलतो. संध्याकाळी राज्यभर दिवे लागतात आणि विजेची मागणी चढते, तेव्हा कोयना उपयोगाला येते. क्षमतेच्या आकड्यावरून तिच्या विजेचा अंदाज बांधणारे इथेच फसतात. वापरून झालेले अवजल वाशिष्ठीत जाते आणि दाभोळच्या खाडीतून अरबी समुद्राला मिळते. निसर्गाने पूर्वेला नेलेले पाणी माणसाने पश्चिमेला नेले ते असे.

उरलेल्या पाण्याची वाट पूर्वेचीच आहे. पायथा वीजगृहातून आणि दरवाज्यांतून सोडलेले पाणी कराडला कृष्णेत मिळते. पुढे टेंभू आणि ताकारी या उपसा योजना ते उचलतात आणि सांगली जिल्ह्यातल्या कडेगाव, खानापूर, तासगाव, आटपाडी, कवठेमहांकाळ अशा कोरड्या तालुक्यांना पोचवतात. कोयनेचा पाऊस आणि आटपाडीचा ऊस असे नाते जोडले गेले आहे. २०२३चा पावसाळा अपुरा गेला तेव्हा हे नाते किती ताणते ते दिसले. सांगलीकडून पाणी सोडण्याची मागणी झाली, इकडे विजेचा आणि पुढच्या उन्हाळ्याचा हिशेब होता. अशा वेळी निर्णय कालवा सल्लागार समितीच्या बैठकीत होतो. कोयना धरणाला स्वतःचा कालवा नाही, पाणी नदीपात्रातूनच जाते, तरी समितीचे नाव कालव्याचेच आहे. अतिवृष्टीच्या वर्षी प्रश्न उलटा होतो. धरणाचे दरवाजे किती फूट उचलले आणि विसर्ग किती क्युसेक आहे याच्याकडे सांगलीकर कान लावून बसतात, कारण आयर्विन पुलाखाली इशारा पातळी ४० फूट आणि धोका पातळी ४५ फूट आहे. २००५, २०१९ आणि २०२१ या तिन्ही वर्षांचे महापूर तिथे लक्षात आहेत. अर्थात पुराचे सगळे पाणी धरणातून येत नाही. धरणाखालच्या केरा, मोरणा, वांग, वारणा या नद्या आणि खुद्द कृष्णा त्यात भर घालतात.

११ डिसेंबर १९६७ रोजी पहाटे ४ वाजून २१ मिनिटांनी कोयनानगर हादरले. भूकंपाची तीव्रता ६.३ होती. सुमारे १८० माणसे दगावली आणि दोन हजारांवर जखमी झाली. घरे बहुतेक दगड-मातीची होती आणि जड भिंती झोपलेल्यांच्या अंगावर आल्या. मुंबईची वीज गेली. धरणाच्या काही भागांत वरच्या अंगाला भेगा पडल्या, पण धरण टिकले. पुढे खालच्या बाजूने काँक्रीटचे टेकू देऊन ते भक्कम केले गेले, आणि सांडव्याचा भाग नंतरच्या काळात मजबूत करण्यात आला.

दख्खनचे पठार स्थिर, म्हणून भूकंपापासून सुरक्षित, असा तोवरचा समज होता. तो या पहाटेनंतर टिकला नाही. जलाशय भरायला लागल्यापासूनच परिसरात बारीक धक्के सुरू झाले होते. जगात झांबेझी नदीवरचे करिबा, चीनमधले शिनफेंगजियांग आणि ग्रीसमधले क्रेमास्ता या धरणांच्या परिसरातही असे घडले आहे. जलाशयामुळे उद्दीपित झालेल्या भूकंपांत कोयनेचा १९६७चा धक्का सर्वांत मोठा मानला जातो. शास्त्रज्ञांचे स्पष्टीकरण थोडक्यात असे : खडकात ताण आधीपासून साठलेला असतो. पाण्याचे वजन आणि भेगांत मुरलेल्या पाण्याचा दाब त्या ताणाला मोकळे व्हायला निमित्त देतात. धरण भूकंप घडवते असे म्हणणे म्हणूनच अर्धवट आहे. ताण नसेल तर पाणी काही करू शकत नाही. वारणेवरचे चांदोली धरण भरू लागल्यावर धक्क्यांचा पट्टा दक्षिणेकडे पसरला. कोयना-वारणा परिसर जेमतेम तीसेक किलोमीटर लांबीचा आहे, पण १९६७ नंतर तिथे पाचपेक्षा अधिक तीव्रतेचे वीसहून जास्त भूकंप नोंदले गेले.

लहान क्षेत्रात, ठरावीक खोलीवर, इतक्या नेमाने होणारे भूकंप जगात दुर्मीळ आहेत. भूकंपाचा उगम होतो तिथवर जाऊन पाहावे, या कल्पनेने केंद्र सरकारच्या पृथ्वी विज्ञान मंत्रालयाने कराडजवळ हजारमाची इथे विवर भूभौतिकी संशोधन प्रयोगशाळा उभारली. पाटण तालुक्यात गोठणे इथे तीन किलोमीटर खोल विवर खणले गेले. ते काम २०१७ मध्ये पुरे झाले. तेव्हा कळले की इथल्या बेसाल्टची जाडी सुमारे सव्वा किलोमीटर आहे आणि त्याच्याखाली थेट प्राचीन ग्रॅनाइट-नाइस खडक लागतो, मध्ये गाळाचा थर नाही.

भूकंपाचा एक परिणाम सरकारी कागदपत्रांत राहिला आहे. राज्य शासनाच्या नोकरभरतीत भूकंपग्रस्तांसाठी २ टक्के आणि प्रकल्पग्रस्तांसाठी ५ टक्के समांतर आरक्षण आहे. पाटण तालुक्यातल्या घराघरांत या दोन दाखल्यांना मोल आहे, आणि कित्येकांकडे दोन्ही आहेत.

कोयनानगरचा कारभार कोणाकडे, या प्रश्नाला एक उत्तर नाही. महसुली दृष्टीने ते पाटणच्या तहसीलदार आणि प्रांताधिकाऱ्यांच्या कक्षेत येते. जिल्हा परिषद साताऱ्याची, पंचायत समिती पाटणची आणि भोवतालच्या गावांचा कारभार ग्रामपंचायतींकडे. पोलीस ठाणे कोयनानगरचे स्वतःचे आहे. विधानसभेचा मतदारसंघ पाटण, लोकसभेचा आता सातारा. २००८च्या फेररचनेपूर्वी तो कराड होता. वसाहतीची जमीन आणि घरे मात्र जलसंपदा खात्याची. धरण कोयना सिंचन विभाग सांभाळतो आणि तो १९९६ साली स्थापन झालेल्या महाराष्ट्र कृष्णा खोरे विकास महामंडळाच्या अखत्यारीत आहे. वीजगृहे चालवते महानिर्मिती, जी २००५ मध्ये विद्युत मंडळाचे विभाजन झाल्यावर वेगळी कंपनी झाली. त्यांतली मुख्य वीजगृहे रत्नागिरी जिल्ह्यात येतात, म्हणून विजेचे कर्मचारी पोफळी-अलोरे भागात राहतात आणि धरणाचे इकडे. एकाच प्रकल्पाची दोन बिऱ्हाडे, मध्ये कुंभार्ली घाट.

जंगलावर वन खात्याची सत्ता आहे. कोयना अभयारण्य १९८५ साली जाहीर झाले, त्याचे क्षेत्र ४२३.५५ चौरस किलोमीटर आहे. चांदोली राष्ट्रीय उद्यानासह ते २०१० मध्ये सह्याद्री व्याघ्र प्रकल्पात सामील झाले आणि २०१२ मध्ये पश्चिम घाटाच्या जागतिक वारसास्थळांत आले. नियोजनाचा अधिकारही आता विभागला आहे. 'नवीन महाबळेश्वर' या गिरिस्थान प्रकल्पासाठी जावळी, पाटण आणि सातारा तालुक्यांतल्या २३५ गावांकरता महाराष्ट्र राज्य रस्ते विकास महामंडळाला विशेष नियोजन प्राधिकरण नेमले गेले. पुणे किंवा मुंबईच्या महानगर प्राधिकरणांशी याचे वरवर साम्य आहे, पण तिथे वाढलेल्या शहराला आवर घालायचा असतो आणि इथे शहरच नाही. व्याघ्र प्रकल्पाचे नियम, पश्चिम घाटाच्या परिसंवेदनशील क्षेत्राचा मसुदा आणि गिरिस्थानाचा विकास आराखडा हे तिन्ही एकाच डोंगरावर कसे नांदणार, हे गावकऱ्यांना अजून कुणी नीट सांगितलेले नाही.

धरणाखाली शंभराच्या आसपास गावे गेली. दरीतली भाताची खाचरे नदीकाठाला होती, ती आधी बुडाली. लोकांना कुठे डोंगरावर, कुठे सांगली, सोलापूर, रत्नागिरी, रायगड, ठाणे अशा दूरच्या जिल्ह्यांत जमिनी दाखवल्या गेल्या. पुनर्वसनाचा कायदा राज्यात १९७६ साली झाला आणि तोवर कोयनेचे विस्थापन होऊन गेले होते. त्यामुळे जमीन, गावठाण, नागरी सुविधा यांचे प्रश्न तिसऱ्या पिढीपर्यंत आले. श्रमिक मुक्ती दलाने डॉ. भारत पाटणकर यांच्या नेतृत्वाखाली २०१८ मध्ये कोयनानगरलाच दीर्घ ठिय्या आंदोलन केले. राज्याचे दिवे या पाण्यावर लागले, पण काठावरच्या काही वाड्यांना उन्हाळ्यात पाण्यासाठी डोंगर उतरावा लागतो.

शेती डोंगराची आहे. खाचरात भात, उतारावर नाचणी आणि वरी. खरीप काढला की जमिनीत ओल असते, पण रब्बीला हमखास पाणी नसते. पाटणच्या खाली दरी रुंदावते आणि मळीची जमीन लागते, तिथून भुईमूग, सोयाबीन आणि ऊस सुरू होतो. मरळीजवळ दौलतनगरला लोकनेते बाळासाहेब देसाई सहकारी साखर कारखाना आहे. १९६७च्या भूकंपावेळी राज्याचे गृहमंत्री असलेले बाळासाहेब देसाई याच तालुक्याचे. तारळी आणि वांग-मराठवाडी ही धरणे तालुक्याच्या इतर खोऱ्यांत आहेत.

एवढ्या शेतीवर घर चालत नाही, म्हणून माणूस मुंबईला जातो. गिरण्या होत्या तोवर गिरणीत, नंतर गोदीत, बाजारात, रिक्षावर. घाऊक बाजारात डोक्यावर ओझे वाहणाऱ्या माथाडींत पाटण तालुक्याची माणसे मोठ्या संख्येने होती. त्यांचे नेते अण्णासाहेब पाटील मंद्रुळकोळ्याचे. त्यांच्या लढ्यातून १९६९ साली माथाडी कायदा झाला. पूर्वी मनीऑर्डरीने, आता बँकेच्या खात्यावरून येणारा हा पैसा तालुक्याच्या उत्पन्नात भाताइतकाच धरायला हवा.

कोयनानगरात आधी धरणाचे काम, नंतर चौथा टप्पा अशी दोनदा भर आली. बांधकाम संपले की माणसे पांगतात, पगार थांबतात आणि बाजारपेठ आकसते. आज वसाहतीतली बरीच घरे रिकामी किंवा मोडकळीला आलेली आहेत. २२ जुलै २०२१च्या रात्री अतिवृष्टीत मिरगाव, आंबेघर, ढोकावळे इथे दरडी कोसळून अनेक जीव गेले, तेव्हा वाचलेल्यांना तात्पुरता निवारा कोयनानगर परिसरातच द्यावा लागला.

विजेचा एक नवा स्रोत डोंगरमाथ्यांवर आला. वनकुसवडे आणि चाळकेवाडीच्या सड्यांवर १९९०च्या दशकाच्या उत्तरार्धापासून पवनचक्क्या उभ्या राहिल्या. जिथे शेती पिकत नव्हती त्या पडीक जागेला भाव आला. पैसा आला तसे जमिनीच्या व्यवहारांचे तंटेही आले.

पर्यटन हा हंगामी धंदा आहे. नेहरू स्मृती उद्यानातून धरणाची भिंत समोर दिसते, नवजाजवळ ओझर्डे धबधबा कोसळतो आणि पावसाळ्यातल्या शनिवार-रविवारी हेळवाकपासून गाड्यांची रांग लागते. जंगली जयगड आणि भैरवगडासारखे किल्ले व्याघ्र प्रकल्पाच्या हद्दीत असल्याने तिथे जायला वन खात्याची परवानगी लागते. वासोट्याला जाणारे बामणोलीहून लाँच घेतात आणि पाण्यावरून पलीकडच्या जंगलात उतरतात. रस्ते पाण्याखाली गेल्यापासून कांदाटी खोऱ्यातल्या गावकऱ्यांचाही बाजाराला जायचा मार्ग हीच लाँच आहे.